पानांची जुडी: तांबड्या समुद्रातली लपलेली गोगलगाय आणि तिला शोधणारे डोळे



किल्ल्याचा, तहाचा किंवा एखाद्या घराण्याचा इतिहास सांगायला कुणी उभं राहिलं तर आपण कारण विचारत नाही. गोगलगायीचा इतिहास म्हटलं की मात्र हसू येतं. ते हसू आम्हाला मान्य आहे. पण आजच्या व्याख्यानात आपण ज्या प्राण्याबद्दल बोलणार आहोत, त्याच्या मागे तीन युरोपीय मोहिमा, एक लढाई, बरेचसे मृत्यू, एका माणसाची गेलेली दृष्टी आणि इजिप्तच्या किनाऱ्यावरचं एक छोटं संशोधन केंद्र उभं आहे. आणि या सगळ्यातून एक प्रश्न वर येतो: जे लपलेलं आहे ते कुणाला दिसतं? लांबून येणाऱ्याला, की तिथेच राहणाऱ्याला?

आधी प्राण्याची ओळख करून घेऊ.

समुद्रात शंख नसलेल्या गोगलगायी असतात. अंड्यातून बाहेर पडताना त्यांच्या पिल्लांना चिमुकला शंख असतो. मोठं होताना तो गळून पडतो. शंख गेला म्हणजे घर गेलं, ढालही गेली. मग जीव वाचवायचा कसा? काही जातींनी विष जवळ केलं आणि अंगावर भडक रंग मिरवले, म्हणजे शत्रूने आधीच ओळखावं. काहींनी उलटा मार्ग धरला: दिसायचंच नाही. फायलोडेस्मियम नावाचं जे घराणं आहे, त्यातल्या अनेक जाती या दुसऱ्या वाटेने गेल्या. त्या मऊ प्रवाळांवर राहतात, तेच खातात आणि दिसतातही त्याच प्रवाळासारख्या.

मऊ प्रवाळ म्हणजे काय, हेही सांगायला हवं. प्रवाळ म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर अंगठीतलं पोवळं किंवा चुनखडीचे दगडी खडक येतात. मऊ प्रवाळांना असा दगडी सांगाडा नसतो. त्यांच्या मांसल देहावर शेकडो छोटे जीव असतात, त्यांना पॉलिप म्हणतात. प्रत्येक पॉलिपला आठ हात, आणि प्रत्येक हाताला पिसासारख्या बारीक फांद्या. तांबड्या समुद्रात झेनिया नावाचा मऊ प्रवाळ आहे. त्याच्या काही जातींचे पॉलिप मूठ उघडावी आणि मिटावी तसे सतत उघडमीट करत असतात. पाण्याखाली पाहणाऱ्याला वाटतं, शेकडो छोटे पंजे काहीतरी पकडताहेत. प्रत्यक्षात ते भक्ष्य फारसं पकडत नाहीत. त्यांच्या अंगात एकपेशीय शैवाल राहतं, सूर्यप्रकाशावर अन्न तयार करतं, आणि त्या अन्नावर प्रवाळाचा बराचसा संसार चालतो.

आता या झेनियावर बसलेली गोगलगाय डोळ्यांसमोर आणा. तिच्या पाठीवर लांबट, मऊ बोटांचे झुपके असतात. अभ्यासक त्यांना सेराटा म्हणतात. आपण बोटंच म्हणू. ही बोटं प्रवाळाच्या पॉलिपांसारखी दिसतात, तशीच लाटेबरोबर हलतात. झेनियावर राहणाऱ्या रुडमनी नावाच्या जातीत तर त्या बोटांची टोकंसुद्धा पॉलिपच्या टोकांसारखी दिसतात. अगदी तोंडाजवळ गेलं तरी प्रवाळ कुठे संपला आणि गोगलगाय कुठे सुरू झाली, हे चटकन कळत नाही. कळतं ते बहुतेकदा तिच्या अंड्यांवरून. पांढरट दोऱ्याचं वेटोळं जवळपास चिकटलेलं दिसलं, की समजावं बाई इथेच कुठेतरी आहेत.

झेनिया हा शब्द ग्रीक आहे आणि त्याचा अर्थ पाहुणचार. फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ लामार्क यांनी १८१६ मध्ये या प्रवाळाला हे नाव दिलं. त्यांना काय ठाऊक, की या पाहुणचाराचा असा अर्थ निघेल! पाहुणी येते, ओसरीवर हातपाय पसरते, घरासारखीच दिसू लागते, आणि मग घरच खायला घेते.

तर हा प्राणी माणसाला कधी दिसला? इथून इतिहास सुरू होतो.

पहिली मोहीम: कागद उरले, माणसं नाही

तांबड्या समुद्राच्या प्राण्यांचा पहिला पद्धतशीर अभ्यास डेन्मार्कच्या राजाने पाठवलेल्या मोहिमेने केला. १७६१ मध्ये निघालेल्या या मोहिमेत निसर्गशास्त्रज्ञ होते पीटर फोर्सकाल, लिनियसचे शिष्य. त्यांच्यासोबत भाषापंडित फॉन हावेन, डॉक्टर क्रामर, चित्रकार बाउरनफाइंड, नोकर बेर्गग्रेन आणि मोजणीदार कार्स्टन नीबूर. सुएझपासून येमेनपर्यंत ते उतरत गेले. १७६३ च्या उन्हाळ्यात येमेनमध्ये आधी फॉन हावेन गेले, मग जुलैमध्ये यरीम गावी फोर्सकाल गेले. वय अवघं ३१. उरलेले जहाजाने मुंबईला निघाले. वाटेत समुद्रातच बाउरनफाइंड आणि बेर्गग्रेन वारले. मुंबईत पोचल्यावर १७६४ मध्ये क्रामर वारले.

म्हणजे या मोहिमेचा उरलेला एकुलता एक माणूस आपल्या मुंबईत बसला होता. नीबूर इथे वर्षाहून अधिक काळ राहिले. घारापुरीची लेणी त्यांनी मोजली, रेखाटली. युरोपला त्या लेण्यांची नीट ओळख त्यांच्यामुळे झाली, हे आपल्यापैकी अनेकांना माहीत असेल. पण मेलेल्या मित्राच्या टिपणांची काळजी वाहणारा माणूसही हाच होता, हे फारसं सांगितलं जात नाही. मायदेशी परतल्यावर नीबूर यांनी फोर्सकाल यांची प्राण्यांवरची टिपणं १७७५ मध्ये ग्रंथरूपाने छापली. तांबड्या समुद्राच्या जीवशास्त्राचा पाया तो ग्रंथ आहे. कागद वाचले म्हणून हे झालं. पण ज्या डोळ्यांनी पाहिलं होतं, ते डोळे पुन्हा त्या समुद्राकडे वळू शकले नाहीत. फोर्सकाल यांना एकेका किनाऱ्यावर काही आठवडे मिळाले असतील. लपलेल्या प्राण्याला तेवढे पुरत नाहीत.

दुसरी मोहीम: ज्याने पाहिलं त्याची दृष्टी गेली

१७९८ मध्ये नेपोलियन इजिप्तवर उतरला तेव्हा त्याच्याबरोबर सैन्य होतं तसे विद्वानही होते. त्यांत २१ वर्षांचा एक तरुण होता, ज्यूल सेझार साविन्यी. कणा नसलेले प्राणी, म्हणजे किडे, कोळी, शिंपले, गोगलगायी, प्रवाळ, ही त्याच्याकडची कामगिरी. सुएझच्या आखाताजवळ आणि भूमध्य समुद्रावर त्याने जे गोळा केलं, त्यातून पुढे अशी चित्रं तयार झाली की आजचा अभ्यासकही थक्क होतो.

पण हा संग्रह फ्रान्सला पोचला कसा, ती गोष्ट आधी. १८०१ मध्ये फ्रेंचांचा इजिप्तमध्ये पराभव होत होता. उत्तरेकडून ब्रिटिश सैन्य भूमध्य समुद्राच्या किनाऱ्यावर उतरलं होतं, आणि दक्षिणेकडून दुसरं सैन्य येत होतं ते मुंबईहून. जनरल बेअर्ड यांच्या हाताखाली मुंबई लष्कराच्या देशी पलटणीही त्यात होत्या. ही जहाजं तांबड्या समुद्रातून इजिप्तच्या कोसैर बंदराला लागली, आणि तिथून शिपाई वाळवंट तुडवत नाईलवरच्या केनापर्यंत गेले. कोसैरचा किनारा प्रवाळांचा किनारा आहे. त्या शिपायांच्या नावा ज्या उथळ पाण्यावरून गेल्या, त्याखाली आपली गोगलगाय आपल्या प्रवाळावर बसलेली असणार. युद्धाला निघालेल्या माणसाने तिकडे पाहावं असं कारण नव्हतं.

अलेक्झांड्रियाची शरणागती झाली तेव्हा ब्रिटिशांनी फ्रेंच विद्वानांचे संग्रहही मागितले. रोझेटाचा शिलालेख त्याच वेळी ब्रिटिशांकडे गेला. निसर्गसंग्रहाची वेळ आली तेव्हा मात्र जॉफ्र्वा सँतिलेर, देलील आणि साविन्यी हे तिघे अडून बसले. हे आम्ही तुमच्या हाती देण्यापेक्षा जाळून टाकू, असं जॉफ्र्वा यांनी बजावल्याचं सांगतात. शेवटी संग्रह त्यांच्याकडेच राहिला. शिलालेख लंडनला गेला, आणि बाटल्यांतले किडे, गोगलगायी पॅरिसला.

पुढची कथा फार वेगळ्या तऱ्हेची आहे. साविन्यी भिंगाखाली तासन्‌तास बसत. अत्यंत बारकाईची चित्रपत्रकं तयार झाली. आणि मग १८१७ मध्ये डोळ्यांचा आजार सुरू झाला. काही काळ बरं वाटलं, पण १८२४ नंतर काम कायमचं थांबलं. उजेड सोसेना. डोळे मिटले तरी प्रकाशाचे आणि रंगांचे भास होत. १८५१ मध्ये मृत्यू येईपर्यंत, म्हणजे पाव शतकाहून अधिक, त्यांनी अंधारात काढलं.

चित्रं छापून तयार, पण त्यांचं वर्णन लिहायला माणूस नाही. सरकारने ते काम व्हिक्तर ओदुआँ या तरुण निसर्गशास्त्रज्ञाकडे सोपवलं. ओदुआँ यांच्याजवळ साविन्यींची टिपणं नव्हती. त्यांच्यासमोर होती ती चित्रं. त्यावरून त्यांनी नावं दिली. त्यातलंच एक नाव ट्रायटोनिया एलेगन्स, आज ट्रायटोनियॉप्सिस एलेगन्स. हीसुद्धा मऊ प्रवाळ खाणारी गोगलगाय. फायलोडेस्मियमची सख्खी नव्हे, पण तोच आहार आणि तोच शेजार. तिच्या नावापुढे ओदुआँ, १८२६ असं लिहिलं जातं. म्हणजे पाहिलं एकाने आणि नाव दिलं दुसऱ्याने. ज्याने नाव दिलं त्याच्यासमोर जिवंत प्राणी नव्हता, आणि ज्याने पाहिलं तो तोवर अंधाऱ्या खोलीत गेला होता.

तिसरी मोहीम: दोघांचं नाव असलेलं पुस्तक

आता आपण मूळ नायिकेपाशी येतो.

१८२० मध्ये बर्लिनहून दोन तरुण डॉक्टर इजिप्तला निघाले. विल्हेल्म हेम्प्रिच आणि क्रिस्तियान एरेनबेर्ग. दोघांची मैत्री विद्यार्थिदशेतली. पुढची पाच वर्षं त्यांनी लिबियाचं वाळवंट, नाईलचं वरचं खोरं, सिनाई, लेबनॉन आणि तांबड्या समुद्राचे दोन्ही काठ पालथे घातले. सोबतीच्या अनेकांना रोगांनी नेलं. पैसा वेळेवर पोचत नसे. तरीही सुमारे ३४ हजार प्राणी आणि ४६ हजार वनस्पती, असा प्रचंड संग्रह पेट्यांतून बर्लिनला जात राहिला.

१८२३ मध्ये सिनाईच्या तूर बंदरात एरेनबेर्ग यांनी एक विलक्षण गोष्ट पाहिली. उपसागराचं पाणी लाल झालं होतं. भिंगाखाली पाहिल्यावर त्यांना केसांच्या जुड्यांसारखे सूक्ष्म जीव दिसले. त्यांना पुढे त्यांनी ट्रायकोडेस्मियम म्हटलं. ग्रीकमध्ये केस आणि जुडी यांवरून केलेलं नाव. हे नाव लक्षात ठेवा, कारण त्याचं भावंड आता येणार आहे.

१८२५ च्या उन्हाळ्यात दोघे आजच्या एरिट्रियातल्या मसावा बंदरावर होते. तापाची साथ होती. ३० जूनला हेम्प्रिच गेले. सहाच दिवसांपूर्वी त्यांनी २९ वर्षं पूर्ण केली होती. एरेनबेर्ग एकटे परतले.

परतल्यावर काय दिसलं? संग्रहालयाने पेट्या आधीच उघडल्या होत्या, नमुने वाटले होते, काही विकलेही होते. पाच वर्षांचं काम, मित्राचा जीव, आणि आपल्याच नमुन्यांचा मागोवा घेत फिरायची वेळ. तरी त्यांनी सिम्बोली फिजिकी हा ग्रंथ छापायला घेतला आणि मुखपृष्ठावर दोघांची नावं ठेवली: हेम्प्रिच आणि एरेनबेर्ग. गेलेल्या मित्राला दिलेला हा मान आम्हाला फार मोलाचा वाटतो.

याच ग्रंथाच्या १८३१ च्या भागात एक छोटी, काचेसारखी पारदर्शक गोगलगाय येते. पाठीवर पानांसारखी बोटं, जुडी बांधल्यासारखी. एरेनबेर्ग यांनी नाव दिलं फायलोडेस्मियम हायलिनम. फायलो म्हणजे पान, डेस्मियममध्ये जुडी, हायलिनम म्हणजे काचेसारखी. केसांच्या जुडीनंतर पानांची जुडी. आज या घराण्याला जे नाव आहे ते इथून आलं.

नाव फार सुरेख आहे. पण एक गोष्ट पाहा. नावात प्रवाळ कुठेच नाही. प्राणी पानांच्या जुडीसारखा दिसतो, एवढंच नाव सांगतं. तो पॉलिपांसारखा दिसतो आणि का दिसतो, हे सांगत नाही. तळहातावर किंवा ताटलीत घेतलेली गोगलगाय पानांचीच जुडी दिसणार. प्रवाळावरून उचलली की तिचं लपणं संपलं.

बाटलीतला प्राणी

इथे आपण जरा थांबू. लपणं ही वस्तू नाही, तो दोन गोष्टींमधला संबंध आहे. पानावर बसलेला नाकतोडा हिरवा म्हणून लपतो. त्याला पांढऱ्या कागदावर ठेवला तर तो फक्त हिरवा नाकतोडा. एकोणिसाव्या शतकाचं सगळं प्राणिशास्त्र या कागदावर, किंवा खरं तर बाटलीत, चाललं होतं. मद्यार्कात ठेवलेल्या गोगलगायीचा रंग जातो, अंग आक्रसतं, बोटं गळून पडतात. त्यात या घराण्यातल्या जाती जिवंतपणीही डिवचल्यावर बोटं सहज टाकतात, पाल शेपूट टाकते तशी.

याचा अर्थ बाटलीवाल्यांनी काही केलं नाही, असा नाही. कोपनहेगनचे डॉक्टर रुडॉल्फ बेर्ग हे त्यातलं मोठं नाव. गुप्तरोगांवर उपचार करणारे डॉक्टर म्हणून तिथल्या एका रुग्णालयाला त्यांचं नाव मिळालं. आणि उरलेल्या वेळात जगभरातून आलेल्या गोगलगायी ते कापत, त्यांच्या जिभेवरचे दात मोजत. १८९६ मध्ये त्यांनी आजच्या इंडोनेशियातल्या अंबोन बेटावरची एक जात नोंदवली. आज ती फायलोडेस्मियम ब्रायेरियम. १९०५ मध्ये डच सिबोगा मोहिमेच्या नमुन्यांतून लाँगिसिरम ही जात नोंदवली. या दोन्हींसाठी त्यांनी वेगवेगळी कुळनावं योजली होती. दोघी एकाच घराण्यातल्या, हे नंतर ठरलं. शरीररचना त्यांनी उत्तम नोंदवली. पण ब्रायेरियम ही ब्रायेरियम नावाच्याच मऊ प्रवाळावर बसते आणि त्याच्या तपकिरी पॉलिपांत हरवून जाते, हे बाटली कशी सांगणार?

चौथं पाऊल: मोहीम नव्हे, मुक्काम

विसाव्या शतकाच्या तिसाव्या दशकाच्या सुमारास इजिप्तच्या घरदका इथे, ज्याला आज पर्यटक हुरघाडा म्हणतात, सागरी जीवशास्त्राचं केंद्र उभं राहिलं. त्या वेळी ते एक एकाकी ठिकाण होतं. मागे वाळवंट, पुढे प्रवाळ. पहिले संचालक सिरिल क्रॉसलँड हे ब्रिटिश होते. त्यांच्यानंतर सूत्रं आली हामेद गोहर या इजिप्शियन शास्त्रज्ञाकडे.

गोहर यांनी आपला विषय कोणता निवडला? झेनिया. तांबड्या समुद्रातल्या झेनिया गटावर त्यांचा प्रबंध १९४० मध्ये प्रसिद्ध झाला. पॉलिपांची उघडमीट, त्यांचं जगणं, त्यांच्यातलं शैवाल, हे सगळं ते वर्षानुवर्षं पाहत होते. दाराबाहेर पडलं की समुद्र. काल पाहिलेला प्रवाळ आज पुन्हा पाहता येतो, पुढच्या महिन्यात पाहता येतो. पुढे इजिप्तच्या दूरचित्रवाणीवर समुद्राचं जग समजावून सांगणारे गृहस्थ म्हणून घराघरांत ते ओळखीचे झाले.

जो माणूस रोज झेनियाकडे पाहतो, त्याला एक दिवस लक्षात येणारच की यातले काही पॉलिप पॉलिप नाहीत. १९५७ मध्ये, सुएझच्या युद्धाला जेमतेम वर्ष होत असताना, घरदका केंद्राच्याच प्रकाशनात गोहर आणि अबुल एला यांनी नव्या गोगलगायीची नोंद केली. नाव दिलं फायलोडेस्मियम झेनी. झेनियावरची, झेनियाची. त्याच दोघांनी त्याच वर्षी तांबड्या समुद्रातल्या तीन गोगलगायींचं जीवन आणि वाढ यांवरही लेख छापला. म्हणजे प्राणी सापडला आणि बाटलीत गेला, एवढ्यावर त्यांचं काम थांबत नव्हतं.

१८३१ ते १९५७. समुद्र तोच. पण आता नावातच प्राण्याचा पत्ता आला होता.

आणि इथे कथेला वळण मिळतं. पुढच्या अभ्यासात ठरलं की गोहर आणि अबुल एला यांची झेनी आणि एरेनबेर्ग यांची हायलिनम ही एकच जात आहे. प्राण्यांच्या नावांचा नियम सरळ आहे: जे नाव आधी रीतसर छापलं गेलं, ते राहतं. त्यामुळे हायलिनम राहिलं आणि झेनी हे समानार्थी नाव म्हणून मागे पडलं.

हा अन्याय झाला का? काहींना तसं वाटू शकतं. लांबून आलेल्याचं नाव टिकलं, घरच्या माणसाचं पुसलं गेलं. आम्हाला मात्र वाटतं, इथे दोन हिशेब वेगळे ठेवायला हवेत. नावाचा हिशेब तारखेवर चालतो, आणि तसा तो चालला नाही तर रोज नवं भांडण उभं राहील. एरेनबेर्ग यांनीही आपली किंमत मोजली होती. पण ज्ञानाचा हिशेब तारखेवर चालत नाही. ही गोगलगाय कुणाच्या अंगावर राहते, काय खाते, तशी का दिसते, हे ज्यांनी उलगडलं त्यांचं श्रेय नाव मागे पडल्याने मागे पडत नाही. जुन्या महसुली कागदांत आपण पाहतो, सातबाऱ्यावर नाव एकाचं आणि जमीन कसणारा दुसरा. इतिहासकाराने दोन्ही वाचायचे असतात.

लपण्यातून उजेडाकडे

घराण्याचा एकत्रित विचार झाला तो १९८१ मध्ये. मऊ प्रवाळ खाणाऱ्या गोगलगायींवरचा बिल रडमन यांचा मोठा लेख त्या वर्षी लंडनच्या लिनियन सोसायटीच्या नियतकालिकात आला. रडमन सिडनीच्या ऑस्ट्रेलियन म्युझियममधले. वर आपण ज्या रुडमनी जातीचा उल्लेख केला, तिला २००६ मध्ये त्यांचंच नाव दिलं गेलं.

त्यांनी दाखवलं ते असं. गोगलगाय प्रवाळ खाते तेव्हा प्रवाळाच्या अंगातलं शैवालही तिच्या पोटात जातं. काही जाती ते पचवून किंवा टाकून देतात. पण काहींनी ते जिवंत ठेवलं. त्यांच्या पचनग्रंथीच्या नळ्या पाठीवरच्या बोटांत शिरतात, आणि त्या नळ्यांना फांद्या, फांद्यांना उपफांद्या फुटत जातात. जितक्या फांद्या, तितकी शैवालाला उजेडात जागा. शैवाल अन्न तयार करतं आणि त्यातला वाटा गोगलगायीला मिळतो. लाँगिसिरमसारख्या मोठ्या जातीत हे इतकं पुढे गेलं आहे की ती काही खाल्ल्याशिवाय महिनोन्‌महिने तग धरू शकते.

आता लपण्याचा आणि या शैवालाचा संबंध पाहा. प्रवाळासारखं दिसायचं तर प्रवाळासारखी बोटं पसरायला हवीत, त्याच्याच रंगाची व्हायला हवीत, आणि त्याच्याच जागी उन्हात बसायला हवं. प्रवाळाचा तपकिरी रंग बराचसा शैवालाचा. तेच शैवाल अंगात ठेवलं तर रंग आपोआप मिळतो. म्हणजे लपण्यासाठी जे करावं लागतं, तेच उजेडावर जगण्यासाठीही लागतं. दोन गोष्टी एकमेकींना हात देत गेल्या असाव्यात. आणि मऊ प्रवाळात कडवट रसायनंही असतात. काही जाती तीही साठवून स्वतःच्या रक्षणाला वापरतात. खाणं, लपणं, विष आणि उजेड, सगळं त्या एका प्रवाळाकडून.

एरेनबेर्ग सूक्ष्म जीवांचे मोठे अभ्यासक म्हणून पुढे जगप्रसिद्ध झाले. समुद्राचा लाल रंग ज्या जीवांनी आणला ते त्यांनी ओळखले. पण ज्या घराण्याला त्यांनी नाव दिलं, त्याच्या पाठीवरच्या बोटांतही असेच सूक्ष्म जीव शेती करत होते, हे कळायला दीडशे वर्षं जावी लागली. भिंग त्यांच्याजवळ होतं. त्या किनाऱ्यावर थांबायला वेळ नव्हता.

आपल्या किनाऱ्याचं काय?

शेवटचा मुद्दा, आणि तो आपल्यासाठी आहे.

हे घराणं हिंदी महासागर आणि प्रशांत महासागर, दोन्हींत पसरलेलं आहे. मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात २००९ मध्ये दीपक आपटे यांचा लक्षद्वीपच्या समुद्री गोगलगायींवरचा लेख आला. त्यात भारतासाठी नव्या अशा ४० नोंदी होत्या. जरा विचार करा: १८८३ मध्ये स्थापन झालेली ती संस्था, शतकाहून अधिक परंपरा, आणि एका लेखात ४० नव्या नोंदी. हे प्राणी नव्याने आलेले नव्हते. आपणच पाहिलं नव्हतं.

विजयदुर्गपासून सुमारे १०० किलोमीटरवर, समुद्राखाली, आंग्र्यांच्या नावाची आंग्रिया बँक आहे. प्रवाळांचं बुडालेलं पठार. मालवणजवळही प्रवाळ आहेत, आणि तिथली मुलं आता पर्यटकांना घेऊन पाण्याखाली जातात. रोज तोच खडक, रोज तोच प्रवाळ. गोहर यांच्याजवळ जे होतं, ते या मुलांजवळ आहे: मुक्काम. फक्त त्यांच्या हाती वही हवी, नोंद कशी करायची ते कुणीतरी शिकवायला हवं, आणि त्या नोंदीवर त्यांचं नाव यायला हवं.

हे लवकर व्हायला हवं, कारण पाणी तापतंय. पाणी तापलं की प्रवाळ अंगातलं शैवाल गमावतात आणि पांढरे पडतात. मऊ प्रवाळही त्यातून सुटत नाहीत. ज्या प्राण्याचं अन्न, घर आणि वेष एकाच प्रवाळाचा आहे, त्याला जायला दुसरी जागा नाही. प्रवाळ गेला तर लपलेली गोगलगाय कुणाच्या लक्षातही न येता जाईल. जे होतं हे माहीत नाही, ते गेलं हे तरी कसं कळणार?

सुरुवातीला आपण विचारलं होतं, लपलेलं कुणाला दिसतं? आमचं उत्तर असं: फोर्सकाल, साविन्यी, हेम्प्रिच, एरेनबेर्ग यांनी जिवावर उदार होऊन दार उघडलं, त्यांच्याशिवाय पुढचं काही झालं नसतं. पण दाराच्या आत काय आहे ते दिसलं, तिथे राहिलेल्या माणसाला. आपल्या किनाऱ्यावर राहणारी माणसं आहेत. पाहायला सुरुवात करायची आहे.

इथे थांबतो. प्रश्न असतील तर जरूर विचारा.